‘विनएचव्हीप्लॅटफॉर्म.डीएलएल सापडली नाही’: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नागपूरच्या नंदनवन भागातल्या आमच्या कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात इंजिनिअरिंगची पोरं जास्त येतात. शेवटच्या वर्षाचे प्रोजेक्ट जमा करायची वेळ आली, की रोज एकजण तरी लॅपटॉप उघडून हाच मेसेज दाखवतो. “भाऊ, ही फाइल टाकून द्या ना, पाच मिनिटांचं काम आहे.” फाइल टाकायची नसते, हे समजावून सांगायला मात्र अर्धा तास जातो. तो वाचावा म्हणून हे पान.

एक सूचना आधीच. इथे फाइली, मेनू आणि कमांड यांची नावं उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिली आहेत. टाइप करताना ती इंग्रजी अक्षरांतच करायची.

ही फाइल नेमकी आहे तरी काय?

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामांनी मिळून वापरायची कोडची लायब्ररी. विनएचव्हीप्लॅटफॉर्म.डीएलएल ही मायक्रोसॉफ्टची, विंडोजसोबतच येणारी लायब्ररी आहे. विंडोजच्या खाली जो हायपरव्हायजर, म्हणजे व्हर्च्युअल मशीन (कॉम्प्युटरच्या आतला खोटा कॉम्प्युटर) चालवणारा थर, चालतो, त्याच्याशी बाहेरच्या प्रोग्रामांना बोलता यावं म्हणून ती बनवली आहे. बाहेरचे प्रोग्राम म्हणजे व्हर्च्युअलबॉक्स, क्यूइम्यू, व्हीएमवेअर वर्कस्टेशन, अँड्रॉइड एमुलेटर वगैरे. ‘मला एक व्हर्च्युअल मशीन बनवून दे’, ‘तिला इतकी मेमरी दे’, ‘तिचा प्रोसेसर चालव आणि काही अडलं की मला सांग’, अशी कामं हे प्रोग्राम या लायब्ररीकडे मागतात. तिच्यातल्या फंक्शनांची नावं ‘डब्ल्यूएचव्ही’ने सुरू होतात. एररच्या मजकुरात ही अक्षरं दिसली की गाडी याच रस्त्यावर आहे असं समजा.

विंडोज १० च्या एप्रिल २०१८ च्या अपडेटमध्ये, म्हणजे आवृत्ती १८०३ मध्ये, ही सोय आली. तिची एक जोडीदारीण आहे, विनएचव्हीएमुलेशन.डीएलएल. व्हर्च्युअल मशीनने एखाद्या खोट्या हार्डवेअरला हात लावला, की ती सूचना उलगडून पाहायचं काम हिचं. मेसेजमध्ये कधी हिचं नाव येतं. उपाय तोच.

मी पोरांना तहसील कचेरीच्या खिडकीचं उदाहरण देतो. काम आतला कारकून करतो, म्हणजे हायपरव्हायजर. डीएलएल ही नुसती खिडकी. कचेरी बंद असताना दुसरीकडची खिडकी उखडून आणून घराच्या भिंतीत बसवली, तर दाखला मिळणार आहे का?

मित्राच्या लॅपटॉपवर ही फाइल आहे, माझ्यावर का नाही? दोघांचंही विंडोज ११ आहे.

कारण त्याच्याकडे ‘विंडोज हायपरव्हायजर प्लॅटफॉर्म’ हे फीचर चालू आहे, तुमच्याकडे नाही. ते मुळात बंदच असतं. बंद असताना फाइल सिस्टम३२ मध्ये, म्हणजे विंडोजच्या मुख्य फाइलींच्या फोल्डरात, नसते. पण ती कॉम्प्युटरवरच नसते असं नाही. फीचरचे सुटे भाग विंडोजच्या विनएसएक्सएस नावाच्या गोदामात पडून असतात. फीचर चालू केलं की ती तिथून जागेवर येते, त्यासाठी सहसा इंटरनेटसुद्धा लागत नाही.

म्हणजे फाइल हरवलेली नाही, कुणी उडवलेली नाही, व्हायरसनेही खाल्लेली नाही. मेसेजमध्ये ‘सापडली नाही’ असे शब्द असतात, म्हणून माणूस शोधायला निघतो.

मग चालू कसं करायचं?

स्टार्टमध्ये ‘टर्न विंडोज फीचर्स ऑन ऑर ऑफ’ असं शोधा. लहानशी खिडकी उघडेल, लांबलचक यादी असेल. अगदी खाली, डब्ल्यूच्या आसपास ‘विंडोज हायपरव्हायजर प्लॅटफॉर्म’ दिसेल. टिक करा, ओके म्हणा, रीस्टार्ट करा.

कमांडने करायचं असेल तर कमांड प्रॉम्प्टवर राइट क्लिक करून ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ घ्या आणि हे द्या: डिझम /ऑनलाइन /एनेबल-फीचर /फीचरनेम:हायपरव्हायजरप्लॅटफॉर्म /ऑल. शेवटी वाय दाबून रीस्टार्ट.

आता खरी गंमत. दहातले चार जण सांगतात, “रीस्टार्ट केलं भाऊ, काही नाही झालं.” विचारलं तर कळतं, ‘शट डाउन’ करून पुन्हा बटण दाबलेलं असतं. विंडोजमध्ये ‘फास्ट स्टार्टअप’ चालू असेल, तर शट डाउनने मशीन पूर्ण बंद होत नाही. आतला गाभा डिस्कवर जपून ठेवला जातो आणि पुन्हा सुरू केल्यावर तोच वर काढला जातो. हायपरव्हायजर मात्र अगदी सुरुवातीच्या बूटमध्ये चढतो. म्हणून स्टार्ट मेनूतलं ‘रीस्टार्ट’ हेच बटण दाबायचं. दहा रुपयाचं काम नाही, पण यासाठी हिंगणा रोडवरून दोनदा चकरा मारलेला पोरगा मी पाहिला आहे.

माझ्याकडे होम आवृत्ती आहे. यासाठी प्रो घ्यावं लागेल का?

नाही. संपूर्ण हायपर-व्ही, म्हणजे त्याच्या मॅनेजरसकट, होममध्ये मिळत नाही, हे खरं. पण विंडोज हायपरव्हायजर प्लॅटफॉर्म होममध्येही आहे. ‘यासाठी प्रोची की घ्या’ असं कुणी म्हणत असेल, तर तो की विकतो आहे एवढंच समजा.

यादीत हायपर-व्ही, व्हर्च्युअल मशीन प्लॅटफॉर्म, विंडोज सँडबॉक्स अशी बरीच नावं आहेत. सगळीच टिक करू का?

करू नका. व्हर्च्युअल मशीन प्लॅटफॉर्म हे डब्ल्यूएसएल २ साठी, म्हणजे विंडोजमध्ये लिनक्स चालवायला, आणि डॉकरवाल्यांना, म्हणजे प्रोग्राम वेगवेगळ्या बंद डब्यांत चालवणाऱ्यांना, लागतं. हायपर-व्ही म्हणजे मायक्रोसॉफ्टचा स्वतःचा व्हीएम, म्हणजे व्हर्च्युअल मशीन, चालवायचा पूर्ण संच. सँडबॉक्स म्हणजे संशयास्पद प्रोग्राम उघडून बघायची फेकाऊ खोली. तो होममध्ये नसतो. तुमचा मेसेज विनएचव्हीप्लॅटफॉर्मचा असेल तर हायपरव्हायजर प्लॅटफॉर्म पुरे.

नावं इतकी सारखी, की बरेच जण ‘व्हर्च्युअल मशीन प्लॅटफॉर्म’वर टिक करून मोकळे होतात आणि मग मेसेज तोच का येतो म्हणून डोकं धरून बसतात. कचेरी उघडली, कारकून येऊन बसला, पण तुमची खिडकी अजून बंदच आहे, अशी ती अवस्था.

नेटवर ही डीएलएल फुकट मिळते. डाउनलोड करून सिस्टम३२ मध्ये टाकली तर काय बिघडतं?

बरंच काही. पहिली गोष्ट, ती फाइल कोणत्या विंडोजमधून काढली आहे हे तुम्हाला माहीत नाही. ही लायब्ररी एकटी काम करत नाही. तिच्या खाली ड्रायव्हर असतात, त्यांच्या खाली हायपरव्हायजर असतो. इंटेलवर हायपरव्हायजरच्या फाइलीचं नाव एचव्हीआयएक्स६४, एएमडीवर एचव्हीएएक्स६४. ही सगळी मंडळी एकाच आवृत्तीची असावी लागतात. वरची फाइल एका अपडेटची आणि खालची दुसऱ्या अपडेटची असेल, तर फीचर बंद असताना आज ‘सापडली नाही’ म्हणणारा प्रोग्राम उद्या काहीही न सांगता बसकण मारेल.

दुसरी गोष्ट, असल्या साइटवरची फाइल तुम्ही स्वतःच्या हाताने, ॲडमिनिस्ट्रेटरचे अधिकार देऊन, सिस्टमच्या फोल्डरात ठेवता. चोराला किल्ली नेऊन देण्यासारखंच. फाइलीसोबत ‘डीएलएल फिक्सर’ म्हणून जो प्रोग्राम चिकटवतात, तो तर सरळ पैसे मागतो.

तिसरी गोष्ट फारशी कुणाच्या ध्यानात येत नाही. मागच्या हंगामात एक मुलगी आली. एमुलेटर उघडताच मिटायचा. फीचर चालू होतं, बायोस (विंडोजच्या आधी चालणारा मदरबोर्डवरचा प्रोग्राम) ठीक होता, सगळं तपासलं, सगळं बरोबर. शेवटी एमुलेटरचं फोल्डर उघडलं आणि फाइली तारखेनुसार लावल्या. इतर सगळ्या फाइलींच्या मधोमध एक विनएचव्हीप्लॅटफॉर्म.डीएलएल, नाव तेच, पण तारीख वेगळी. कुण्या व्हिडिओत सांगितलं म्हणून तिने दोन महिन्यांपूर्वी तिथे टाकली होती आणि विसरून गेली होती. विंडोजची रीत अशी की प्रोग्रामने डीएलएल मागितली, की सहसा आधी प्रोग्रामचं स्वतःचं फोल्डर बघायचं, सिस्टम३२ त्यानंतर. म्हणजे खरी फाइल जागेवर आली होती, तरी प्रोग्राम दारातल्या नकलीलाच भेटून परत जात होता. ती नक्कल उडवली, एमुलेटर सुरू झाला. म्हणून असं काही आधी केलं असेल, तर पहिलं काम म्हणजे ती बाहेरची फाइल शोधून काढून टाकणं.

रेगएसव्हीआर३२ ने फाइल रजिस्टर करायला सांगतात. करू?

नको. ती कमांड फक्त रजिस्टर होण्यासाठीच बनलेल्या डीएलएलसाठी आहे. ही तशी नाही. ‘डीएलएलरजिस्टरसर्व्हर हा एंट्री पॉइंट मिळाला नाही’ असा मेसेज येईल आणि तुम्हाला वाटेल आणखीन काहीतरी बिघडलं.

फीचर चालू केलं, फाइलही आली. आता वेगळाच मेसेज येतो: हायपरव्हायजर नाही, ॲक्सिलरेटर मिळाला नाही.

छान, म्हणजे एक पायरी चढलात. खिडकी उघडली, आता कारकून जागेवर नाही. व्हर्च्युअलबॉक्समध्ये हा मेसेज ‘डब्ल्यूएचव्हीकॅपॅबिलिटीकोडहायपरव्हायजरप्रेझेंट इज फॉल्स’ असा लांबलचक येतो. क्यूइम्यू थोडक्यात ‘नो ॲक्सिलरेटर फाउंड’ म्हणतो. अर्थ एकच.

इथे दोन ठिकाणी बघायचं. टास्क मॅनेजर उघडा, ‘परफॉर्मन्स’मध्ये सीपीयू घ्या. खाली उजवीकडे ‘व्हर्च्युअलायझेशन’ अशी ओळ असते. ‘डिसेबल्ड’ असेल तर बायोसमध्ये जायचं. ‘एनेबल्ड’ असेल तर बायोसला त्रास देऊ नका. पुढचं बघायला कमांड प्रॉम्प्टमध्ये ‘सिस्टमइन्फो’ द्या आणि सगळ्यात शेवटी हायपर-व्हीबद्दल काय लिहिलंय ते वाचा. ‘हायपरव्हायजर आढळला आहे’ अशा अर्थाची ओळ असेल तर तो चालतोय. त्याऐवजी चार वेगवेगळ्या अटींची यादी ‘येस’, ‘नो’सकट दिसली, तर तो चालत नाही. त्यातली कोणती अट ‘नो’ आहे ते बघा. ‘व्हर्च्युअलायझेशन एनेबल्ड इन फर्मवेअर’ नो असेल तर बायोस. ‘सेकंड लेव्हल ॲड्रेस ट्रान्सलेशन’ नो असेल तर मात्र प्रोसेसरच जुना आहे, त्याला इलाज नाही.

बायोसमध्ये काय आणि कुठे शोधायचं?

इंटेल असेल तर ‘इंटेल व्हर्च्युअलायझेशन टेक्नॉलॉजी’ किंवा ‘व्हीटी-एक्स’. एएमडी असेल तर ‘एसव्हीएम मोड’. एएमडीवाल्यांची इथेच फसगत होते. ते ‘व्हर्च्युअलायझेशन’ शब्द शोधत बसतात आणि डेस्कटॉपच्या मदरबोर्डवर ‘एसव्हीएम’ ही तीन अक्षरं सीपीयूच्या प्रगत सेटिंगमध्ये लपलेली असतात. तंत्रज्ञान जुनं आहे. इंटेलने ते २००५ मध्ये पेंटियम ४ च्या दोन मॉडेलांत आणलं, एएमडीने २००६ मध्ये. त्यामुळे ‘माझा प्रोसेसर जुना असेल’ ही शंका गेल्या दहा-बारा वर्षांतल्या बहुतेक लॅपटॉपला लागू नाही.

आत शिरायला डेल आणि एसरवर बहुधा एफ२, एचपीवर एफ१०, डेस्कटॉपच्या मदरबोर्डवर डिलीट. लेनोव्होत एफ१ किंवा एफ२. बटण दाबायची वेळ साधत नसेल, तर शिफ्ट धरून ‘रीस्टार्ट’ दाबा, मग ट्रबलशूट, ॲडव्हान्स्ड ऑप्शन्स आणि ‘यूईएफआय फर्मवेअर सेटिंग्ज’. बदल केल्यावर सेव्ह करून बाहेर पडा. एस्केप दाबून निघालात तर केलेलं पाण्यात.

एक इशारा, आणि हा गंभीर आहे. लॅपटॉपवर बिटलॉकर किंवा ‘डिव्हाइस एन्क्रिप्शन’ चालू असेल, तर बायोसमध्ये हात घातल्यावर पुढच्या बूटला ४८ आकडी रिकव्हरी की मागितली जाऊ शकते. नवीन विंडोज ११ मध्ये होम आवृत्तीवरही हे तुमच्या नकळत चालू झालेलं असू शकतं. ज्या मायक्रोसॉफ्ट खात्याने लॅपटॉप पहिल्यांदा सुरू केला, त्या खात्यात की जपलेली असते. आधी तिथे लॉगिन करून की कागदावर लिहून घ्या, मगच बायोस. लॅपटॉप काकांच्या खात्याने सुरू केला होता आणि काका सध्या अमरावतीला, फोन उचलत नाहीत, हे मी ऐकून चुकलो आहे.

बायोसमध्ये चालू केलं होतं, पण परत बंद झालं. कसं काय?

बायोस अपडेट झाला असेल तर सेटिंग मूळ पदावर जातात. लॅपटॉपवर हेच कारण जास्त.

डेस्कटॉप असेल तर दुसरं कारण असतं, आणि मला ते आवडतं, कारण ते हाताने काढता येतं. महालातून एक काका जुना डेस्कटॉप घेऊन आले. मुलगा पुण्याला, उन्हाळाभर मशीनचा प्लग काढून ठेवलेला. जूनमध्ये मुलगा आला तर त्याची व्हर्च्युअल मशीन चालेना. तिथे डीएलएलचा मेसेज, इकडे डीएलएल जागेवरच. मी आधी घड्याळ बघितलं. विंडोजच्या कोपऱ्यात कित्येक वर्षं जुनी तारीख होती. झाकण उघडलं, मदरबोर्डवरचा रुपयाएवढा सीआर२०३२ सेल काढला, मीटरवर लावला तर तीन व्होल्टचा सेल दोनच्याही खाली. मशीनला वीज असते तोवर सेलवर भार पडत नाही, प्लग काढला की बायोसची आठवण सेलवरच. सेल मेला, आठवण गेली, व्हर्च्युअलायझेशन बंद. नवा सेल टाकला, एसव्हीएम चालू केलं, तारीख सुधारली. मुलगा तेवढ्या वेळात शेजारच्या ठेल्यावर तर्री पोहे खाऊन आला. त्याने विंडोज पुन्हा टाकायची तयारी करून आणलेला पेनड्राइव्ह खिशातच राहिला.

तारीख चुकीची दिसत असेल तर आधी सेल बदला.

टास्क मॅनेजरमध्ये ‘एनेबल्ड’ आहे, फीचर चालू आहे, तरी हायपरव्हायजर सुरूच होत नाही.

इथे बहुतेक वेळा माणसाने स्वतःच काहीतरी केलेलं असतं आणि ते त्याला आठवत नसतं. विंडोजच्या बूट सेटिंगमध्ये ‘हायपरव्हायजरलाँचटाइप’ नावाची एक नोंद असते. ती ‘ऑफ’ असेल, तर बाकी सगळं बरोबर असूनही हायपरव्हायजर चढत नाही. ॲडमिनिस्ट्रेटर कमांड प्रॉम्प्टमध्ये नुसतं ‘बीसीडीएडिट’ द्या, यादीच्या शेवटी ती ओळ दिसते. परत चालू करायला: बीसीडीएडिट /सेट हायपरव्हायजरलाँचटाइप ऑटो. मग रीस्टार्ट, शट डाउन नव्हे.

ती ऑफ होते कशी? नागपुरात याचं उत्तर ऋतूवर आहे. मे महिन्यात पारा ४५ च्या पुढे गेला, कूलरमधून गरम वारा यायला लागला, की गेमिंग लॅपटॉपवाली पोरं अंडरव्होल्टिंगच्या मागे लागतात, म्हणजे प्रोसेसरचा व्होल्टेज थोडा उतरवून त्याला थंड ठेवायचं. कल्पना वाईट नाही. पण इंटेलच्या मशीनवर हायपरव्हायजर किंवा त्याच्या आधाराने चालणारी विंडोजची सुरक्षा चालू असेल, तर अंडरव्होल्टिंगची टूल्स काम करत नाहीत. म्हणून व्हिडिओत सांगतात, ‘मेमरी इंटेग्रिटी बंद करा, ही कमांड द्या’. ती कमांड म्हणजे हायपरव्हायजरलाँचटाइप ऑफ. मे महिन्यात दिली, ऑगस्टमध्ये विसरली, जानेवारीत प्रोजेक्टचा एमुलेटर उघडला तेव्हा डीएलएल दोषी.

“काहून बंद केलं होतं?” असं विचारलं की पोरगं आधी नाही म्हणतं, मग हसतं.

दोन्ही एकत्र हवं असेल तर मिळणार नाही. उन्हाळ्यात थंडावा, बाकी वर्षभर व्हर्च्युअल मशीन, अशी वाटणी करा, आणि कमांड कोणती दिली ते मोबाइलमध्ये लिहून ठेवा.

व्हर्च्युअलबॉक्स चालतो, पण गोगलगायीसारखा. खाली हिरवं कासव दिसतं.

कासव उगाच नाही. व्हर्च्युअलबॉक्स एरवी प्रोसेसरच्या व्हर्च्युअलायझेशनचा ताबा थेट स्वतः घेतो. पण विंडोजचा हायपरव्हायजर चालू असेल तर तो ताबा आधीच घेतलेला असतो. तेव्हा तर तुमचं रोजचं विंडोजसुद्धा त्याच हायपरव्हायजरच्या वर बसलेलं असतं, फक्त त्याला मालकाचा मान असतो. अशा वेळी व्हर्च्युअलबॉक्स या डीएलएलच्या खिडकीतून काम करतो. ही सोय त्यात आवृत्ती ६.० पासून, म्हणजे २०१८ च्या शेवटापासून आहे. व्हीएमवेअर वर्कस्टेशनमध्ये ती २०२० मध्ये १५.५.५ बरोबर आली. खिडकीतून काम म्हणजे थोडा उशीर, आणि तो दाखवायला ते कासव.

कासव घालवायचं तर हायपरव्हायजर पूर्ण बंद करावा लागतो: हायपर-व्ही, हायपरव्हायजर प्लॅटफॉर्म, व्हर्च्युअल मशीन प्लॅटफॉर्म, मेमरी इंटेग्रिटी, सगळं. त्याबरोबर डब्ल्यूएसएल २ आणि डॉकर जातात, आणि सुरक्षेचा एक थरही जातो. माझं मत विचाराल तर फक्त कासवासाठी हे करू नये. आधी बघा की व्हर्च्युअल मशीनला किती रॅम दिली आहे. आठ जीबीच्या लॅपटॉपवर सहा जीबी व्हीएमला देऊन, वर ब्राउझरमध्ये तीस टॅब उघडून, कासवाला शिव्या देणारे जास्त भेटतात. अशा वेळी रॅमची एक पट्टी वाढवणं सगळ्यात स्वस्त पडतं.

अँड्रॉइड स्टुडिओवाले हॅक्सम टाकायला सांगतात. टाकू का?

जुन्या नोट्समधून शिकत आहात. हॅक्सम हे एमुलेटरला वेग देणारं इंटेलचं सॉफ्टवेअर होतं, त्याचं काम इंटेलने २०२३ मध्ये थांबवलं. आता एमुलेटरला एकतर या डीएलएलमागचा विंडोज हायपरव्हायजर प्लॅटफॉर्म चालतो, नाहीतर गूगलचा स्वतःचा ड्रायव्हर. तो ड्रायव्हर हायपर-व्हीसोबत नांदत नाही. डॉकर किंवा डब्ल्यूएसएल वापरत असाल तर विचारच करू नका, हायपरव्हायजर प्लॅटफॉर्म घ्या. एसडीकेच्या ‘एमुलेटर’ फोल्डरातून ‘एमुलेटर -ॲक्सेल-चेक’ दिलं, की काय सापडलं ते तो एका ओळीत सांगतो.

कॉलेजच्या लॅब मॅन्युअलमध्ये अजून हॅक्समचं पान असेल तर सरांना नम्रपणे दाखवा.

क्यूइम्यूमध्ये ‘इंजेक्शन फेल्ड’ असं काहीतरी येतं.

ॲक्सिलरेटरच्या पर्यायात ‘डब्ल्यूएचपीएक्स’ च्या पुढे स्वल्पविराम देऊन ‘कर्नेल-आयआरक्यूचिप=ऑफ’ जोडा. बहुतेक वेळा तेवढ्यावर भागतं. ‘अनएक्सपेक्टेड व्हीपी एक्झिट कोड ४’ आला तर ‘-सीपीयू’ मध्ये ‘मॅक्स’ किंवा ‘होस्ट’ ऐवजी एखादं साधं मॉडेल द्या.

०एक्ससी०००००७बी ही एरर याच्याशी जोडलेली आहे का?

हा आकडा सहसा ३२ बिट आणि ६४ बिटची खिचडी झाली की येतो, किंवा फाइल अर्धवट उतरली असेल तर. म्हणजे पुन्हा तीच डाउनलोड केलेली डीएलएल. आणि इथे मायक्रोसॉफ्टने भल्याभल्यांना चकवलं आहे: सिस्टम३२ मध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिटच्या. नाव वाचून फाइल ठेवणारा हमखास उलट ठेवतो.

एसएफसी /स्कॅननाऊ चालवलं, ‘काही दोष आढळला नाही’ म्हणालं. मग फाइल का नाही आली?

कारण ते खरं बोलतंय. फीचर बंद असताना ती फाइल जागेवर नसणं हीच विंडोजच्या हिशेबाने योग्य स्थिती आहे. एसएफसी फक्त इतकंच बघतं, की जे असायला हवं ते नीट आहे का.

फीचर चालू असूनही फाइल खराब झाली असेल, समजा अपडेट चालू असताना लाइट गेली, तर एसएफसीचा उपयोग आहे. आधी डिझम /ऑनलाइन /क्लीनअप-इमेज /रिस्टोअरहेल्थ, म्हणजे गोदाम दुरुस्त होतं. मग एसएफसी /स्कॅननाऊ, म्हणजे गोदामातून दुकानात माल येतो. उलट क्रमाने केलं तर खराब गोदामातूनच माल यायची शक्यता. डिझम मध्येच एका टक्क्यावर बराच वेळ थांबतं, तेव्हा खिडकी बंद करू नका. त्यानेही नाही झालं तर फीचर बंद करून रीस्टार्ट, चालू करून पुन्हा रीस्टार्ट.

अँटिव्हायरसने हिला पकडलं. ही व्हायरस आहे का?

जागा बघा. सी ड्राइव्हच्या विंडोज\सिस्टम३२ मध्ये असेल तर जवळपास नक्की खरी. डाउनलोड्स, टेम्प किंवा एखाद्या गेमच्या फोल्डरात असेल तर शंका घ्या. सही बघायची तर प्रॉपर्टीजवर विसंबू नका. विंडोजच्या बऱ्याच फाइलींची सही वेगळ्या कॅटलॉगमध्ये असते, त्यामुळे ‘डिजिटल सिग्नेचर’चा टॅबच दिसत नाही आणि माणूस उगाच घाबरतो. पॉवरशेलमध्ये गेट-ऑथेंटिकोडसिग्नेचर आणि पुढे फाइलीचा पूर्ण पत्ता द्या. ‘व्हॅलिड’ आलं की झालं.

लॅपटॉप कंपनीचा आहे, मिहानमध्ये कामाला आहे. फीचरच्या यादीत टिकच होत नाही.

धोरण आयटी विभागाच्या हातात आहे. त्यांनाच तिकीट टाका. बायोसला पासवर्ड असेल तर तो काढून देणारे शोधू नका. आम्हीही काढून देत नाही.

माझा लॅपटॉप स्नॅपड्रॅगनचा आहे.

मग नेहमीच्या इंटेल-एएमडीसाठी बनलेली व्हीएम त्यावर या मार्गाने वेगात चालणार नाही, फाइल असो वा नसो. प्रोसेसरची जात वेगळी आहे. आर्मसाठी बनलेलं लिनक्स घ्या.

अजूनही जमलं नाही. दुकानात येताना काय आणू?

मेसेजचा पूर्ण फोटो, अर्धा कापलेला नको. त्यातला शेवटचा कोडच कामाचा असतो. सिस्टमइन्फोच्या शेवटच्या ओळींचा फोटो. बिटलॉकरची की, कागदावर. चार्जर, कारण बायोसमध्ये असताना बॅटरी संपलेली मला चालत नाही. आणि गेल्या सहा महिन्यांत व्हिडिओ बघून कोणकोणत्या कमांड दिल्या, ते आठवून. विंडोज फॉरमॅट करून येऊ नका. बायोसमध्ये व्हर्च्युअलायझेशन बंद असेल तर फॉरमॅटने ते चालू होत नाही, आणि प्रोजेक्टचं फोल्डर तेवढं जातं. दुपारी एक ते चार येऊ नका, उन्हाळ्यात तर मुळीच नको. त्या वेळात शटर अर्धं खाली असतं.